पिवळी दोरी

तिहोमीर पहिल्या मजल्याच्या वळणावर पोचला असेल-नसेल, तोच वरून पातेलंभर पाणी आलं. स्तामेन्काने ते दारात उभं राहून पायऱ्यांवर हळूच सांडायला हवं होतं. महत्त्वाच्या कामाला निघालेल्या माणसामागे पाणी सांडलं की काम पाण्यासारखं पुढे सरकतं, अशी रीत आहे. पण आज तिचा धीर सुटला असावा. तिने चौथ्या मजल्यावरून कठड्याबाहेर पातेलं सरळ उपडं केलं. नवरा कोरडाच राहिला आणि तळाशी त्याची वाट बघत उभा असलेला ग्वोझ्देन नखशिखान्त भिजला.

“अगं बाई, माणसाच्या मागे सांडायचं असतं, डोक्यावर नाही!” तो खालून ओरडला.

“परीक्षा तुझीही आहेच ना? घे, तुलाही लागेल!”

“मला कशाला लागतंय? दार माझ्याकडे बघून आपणहून बंद होतं!”

दोन-तीन मजल्यांवरची दारं किलकिली झाली आणि कोणीतरी हसलं. तिहोमीर खाली आला. ग्वोझ्देन टोपी पिळत होता. तिहोमीरने हसत त्याच्या पाठीवर थाप मारली, पण डाव्या हाताने. उजवा हात त्याने जाकिटाच्या खिशात घातला होता. हल्ली तो हात तिथेच असे.

ग्वोझ्देन हा त्याचा कूम. लग्नात साक्षीदार म्हणून तो मागे उभा होता, आणि मुलीच्या बाप्तिस्म्याला तिला त्यानेच हातांवर धरलं होतं. कूम रक्ताने कोणी लागत नाही, पण भावाशी भांडलेलं एक वेळ खपतं, कुमाशी भांडलेलं ब्रेझोवाच गावात कोणी विसरत नाही. शिवाय ग्वोझ्देन म्हणजे मोटारींच्या कारखान्यातला दारांचा उस्ताद. तिहोमीरला दार लावायला त्यानेच शिकवलं, आणि सव्वीस वर्षं दोघं लाइनच्या एकेका बाजूला उभे राहिले, ग्वोझ्देन डाव्या दारांना आणि तिहोमीर उजव्या.

हा कारखाना एके काळी देशाचं नाक होता. वर्षाला सव्वा लाख यासेन गाड्या इथून निघत. मग देशाचे तुकडे झाले, आणि त्याबरोबर गाडीचेही झाले. दिवे ज्या गावात होत ते गाव एका नव्या देशात गेलं, कुलपं दुसऱ्यात, सीटचं कापड तिसऱ्यात. त्यानंतरची यासेन मिळेल ते जोडून निघे. यासेन घेणाऱ्याला दोन किल्ल्या मिळतात, एक गाडीची आणि एक मेकॅनिकच्या घराची, हा विनोद देशभर फिरला आणि त्यावर सगळ्यात मोठ्याने ब्रेझोवाचचे कामगारच हसले. मग सक्तीच्या रजा सुरू झाल्या. घरी बसा, पाव पगार घ्या, बोलावू तेव्हा या. तीन सरकारांनी निवडणुकीआधी कारखाना परदेशी कंपनीला विकला आणि निवडणुकीनंतर तो विकला गेलेला नसे. अखेर दोन वर्षांपूर्वी शेवटची यासेन बॉनेटवर कार्नेशनची फुलं घेऊन बाहेर पडली. चालवणारा इतका रडत होता की ती फाटकाला घासली. आता खरोखरच एक परदेशी कंपनी आली होती. तिला चार हजारांतले नऊशे हवे होते, आणि दारांच्या कामाला फक्त चौदा.

तिहोमीरला त्या चौदांत यायचंच होतं, आणि त्याचं कारण फ्रिजवर चिकटवलेलं होतं. स्तामेन्काने तिथे जर्मन वाक्यं आपल्या लिपीत लिहून लावली होती: तुम्हाला दुखतंय का? गोळ्या घेतल्या का? मी इथेच आहे. परदेशात, लिंत्समधल्या एका शहाण्णव वर्षांच्या आजीला सांभाळायला बाई हवी होती. तीन आठवडे तिकडे, तीन आठवडे घरी, आणि असं किती वर्षं ते त्या आजीच्या तब्येतीवर. एजन्सीने शुक्रवारी संध्याकाळी पाचपर्यंत उत्तर मागितलं होतं. नवऱ्याला नोकरी लागली तर ती नाही म्हणणार होती. भाज्या चिरता चिरता ती ही वाक्यं पाठ करी, आणि ‘मी इथेच आहे’ म्हणताना दर वेळी अडखळे.

“खांदे सैल सोड,” चालता चालता ग्वोझ्देन म्हणाला. “काल गॅरेजात तू फार कडक उभा होतास.”

“थंडी होती.”

“सप्टेंबरात?”

तिहोमीरने पावलं भराभर उचलली. महिनाभर ग्वोझ्देनने त्याची तालीम घेतली होती. गॅरेजात यासेनचा एक गंजका सांगाडा होता, त्याला दार लावायचं, काढायचं, पुन्हा लावायचं. दार लोंबत असेल तर जुनी रीत अशी: बिजागरीत लाकडाचा ठोकळा, दाराखाली गुडघा, वरच्या चौकटीला खांदा, श्वास रोखायचा आणि एक हिसका. नीट बसला हिसका तर दार ओठ मिटावेत तसं मिटतं. ग्वोझ्देनचा नीटच बसे. तिहोमीरचाही पूर्वी बसायचा. पण तीन वर्षांपूर्वी, रजेच्या काळात, तो एका बांधकामावर विटा चढवायला गेला आणि उजव्या खांद्यात काहीतरी तुटलं. तेव्हापासून हात छातीच्या वर गेला की डोळ्यांपुढे काजवे चमकत. हे त्याने कोणालाच सांगितलं नव्हतं. दुखणं सांगणारा माणूस यादीतून पहिला गळतो, एवढं तो तीन कपातींत शिकला होता. झाकली मूठ सव्वा लाखाची.

* * *

जुना तिसरा हॉल ओळखू येत नव्हता. तेलाने काळी पडलेली जमीन करड्या रंगाने रंगवली होती आणि तिच्यावर पिवळे पट्टे होते, कोणी कुठून चालायचं ते सांगणारे. चाळीस माणसं उंबऱ्याशी थबकली आणि कोणीही न सांगता सगळ्यांनी बूट पुसले.

“इथे जेवायचं की काम करायचं?” मागून एक जण पुटपुटला.

परीक्षक लाल दाढीचा, हडकुळा माणूस होता. त्याच्या शेजारी उभी राहून एक दुभाषी मुलगी कागदावरून नियम वाचत होती. प्रत्येकाने तीन गाड्यांना एकेक दार लावायचं. दार उचलायला वरून लोंबणारा यांत्रिक हात आहे, तो वापरायचा. प्रत्येक जागेच्या डोक्यावर पिवळी दोरी आहे. एखादा भाग जागेवर बसत नसेल तर जबरदस्ती करायची नाही, दोरी ओढायची, लाइन थांबेल. दोरी ओढल्याबद्दल कोणालाही शिक्षा होणार नाही.

शेवटच्या वाक्यावर चाळीस माणसं एकदम हसली. मुलगी गोंधळली आणि तिने ते वाक्य पुन्हा वाचलं. ते आणखी हसले.

“असंच म्हणतात सगळे,” ग्वोझ्देन कानाशी लागला. “सत्त्याऐंशीत डायरेक्टर म्हणाला होता, अडचण असेल तर मोकळेपणाने सांगा. सांगितलं रादिशाने. पुढची नऊ वर्षं कुठे होता?”

“कोळशाच्या गोदामात.”

“मग? दोरीकडे बघूसुद्धा नकोस. पहिला ओढेल तो पहिला घरी. सव्वीस वर्षांत मी लाइन थांबवलेली नाही, कुमा, आणि तूही नाहीस.”

ग्वोझ्देनचा नंबर सव्वीस होता, तिहोमीरचा सत्तावीस, म्हणजे जागा शेजारीशेजारीच होत्या. पहिली गाडी सरकत आली. यांत्रिक हाताने दार असं अलगद उचललं की तिहोमीरला हसू आलं. ही दारं त्याने आयुष्यभर पोटाशी धरून उचलली होती. चार बोल्ट, एक माप, बंद. दार बसलं. दुसरी गाडीही तशीच. खांद्याने कुरकुरसुद्धा केली नाही, आणि घरी गेल्यावर स्तामेन्काला काय सांगायचं ते तो मनात जुळवू लागला.

तिसऱ्या गाडीचं दार बसेना.

त्याने बोल्ट सैल केले, पुन्हा आवळले. वरच्या कडेला करंगळी जाईल एवढी फट, खाली दार घासत होतं. दार ज्याला लागतं त्या गाडीच्या उभ्या खांबावरून त्याने बोटं फिरवली आणि बोटांना कळलं. दार चांगलं होतं, खांबच वाकडा होता. बिजागरी जिथे बसते तिथे दोन मिलिमीटर आत गेलेला. दोन मिलिमीटर म्हणजे काय, यासेनच्या काळात याला वाकडं म्हणतच नसत. ठोकळा, गुडघा, खांदा, हिसका. त्याने जाकिटातून लाकडाचा ठोकळा काढला, बिजागरीत बसवला, चौकटीला उजवा खांदा लावला आणि रेटा दिला.

खांद्यात वीज चमकली. हात कोपरापासून लुळा पडला आणि ठोकळा खाली पडून घरंगळत पिवळ्या पट्ट्यावर गेला.

शेजारून ग्वोझ्देनचा आवाज आला, तो ओळखीचा हुंकार, मग ठक्, आणि मग दार मिटल्याचा तो गोड आवाज. त्यालाही वाकडीच गाडी आली होती तर. त्याने ती सरळ केली होती. पलीकडूनही ठक्, त्याच्याही पलीकडून ठक्. हॉलभर जुने उस्ताद आपापले गुडघे लावत होते.

तिहोमीर पुन्हा वाकला. या खेपेला डावा खांदा लावून बघितला, पण डाव्या खांद्याला ती कला येत नव्हती. घड्याळात दोन मिनिटं उरली होती. घाम डोळ्यांत उतरत होता. दार तसंच उघडं टाकून जावं तर गाडी पुढच्या माणसाकडे अर्धवट जाणार, आणि ते त्याच्या हातून आजवर कधी झालं नव्हतं. दुसरा काही मार्गच राहिला नाही म्हणून त्याने डावा हात वर केला आणि पिवळी दोरी ओढली.

छतातून धून वाजायला लागली. भोंगा नाही, घंटा नाही, लहान मुलांच्या खेळण्यात असते तसली टिणटिण धून. सरकती लाइन थांबली. हॉलमध्ये एकाएकी शांतता झाली आणि त्या शांततेत ती धून किणकिणत राहिली. अडतीस-एकोणचाळीस माणसं वळून बघत होती. ग्वोझ्देन तेवढा बघत नव्हता. तो आपल्या दारावरून फडका फिरवत राहिला, लाजेने मेलेल्या माणसासारखा. आपण हात दाखवून अवलक्षण करून घेतलं, असं तिहोमीरला वाटलं.

परीक्षक आला. मुलीने विचारलं, “काय झालं?”

“बसत नाहीये. खांब वाकडा आहे. इथे, बिजागरीपाशी. दोन मिलिमीटर.”

तिने सांगितलं. परीक्षकाने खांबाला हात लावला, मान डोलवली, पाटीवरच्या कागदावर काहीतरी लिहिलं आणि निघून गेला. एवढंच. नंतर ती धून आणखी काही वेळा वाजली, पण तिहोमीरने मोजलं नाही; त्याने वाकून आपला ठोकळा उचलला.

परतताना फाटकापासून ग्वोझ्देन दोन पावलं पुढेच चालत राहिला. बेकरीशी येऊन थांबला.

“होतं असं,” तो म्हणाला. “मी आत गेलो ना, की महिन्याभरात तुझ्यासाठी शब्द टाकतो. त्यांना काय माहीत तू कोण आहेस ते.”

* * *

“गेली,” घरात शिरताच तिहोमीर म्हणाला. “माझ्या हाताने घालवली.”

स्तामेन्का मिरच्यांची देठं काढत होती. वीस किलो लाल भोपळी मिरच्या स्वयंपाकघरभर पसरल्या होत्या, वर्षाच्या आय्वारसाठी. ही मिरचीची चटणी बरणीत भरली नाही तर हिवाळा येतच नाही, असा तिचा समज असावा. तिने मान वर केली नाही.

त्याने सगळं सांगितलं. खांब, ठोकळा, दोरी, ती टिणटिण. आणि सांगता सांगता खांद्याचंही सांगून टाकलं, तीन वर्षांचं.

“माहीत आहे मला,” ती म्हणाली.

“काय माहीत आहे?”

“तीन वर्षं डाव्या हाताने भांग पाडतोस. वाकडा पडतो. मला काय डोळे नाहीत?”

“मग बोलली का नाहीस?”

“तू सांगत नव्हतास. मला वाटलं, सांगायचं नसेल.” तिने हातातली मिरची ठेवली, उठून त्याच्या मागे आली आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवला, बरोबर दुखतं तिथेच. “डॉक्टरला दाखवू. शुक्रवारपर्यंत मी एजन्सीला काही कळवत नाही. शुक्रवारी हो म्हणून सांगते. तीन आठवडे काय, असे निघून जातात.”

नोकरी गेली होती, बायको जाणार होती, आणि तरीही त्या रात्री तिहोमीरला तीन वर्षांत पहिल्यांदा गाढ झोप लागली. याचं त्याला स्वतःलाच सकाळी आश्चर्य वाटलं.

* * *

यादी शुक्रवारी दुपारी फाटकावर लागायची होती. तिहोमीर गेला नाही. तुझा नंबर मीच बघून येतो, असं ग्वोझ्देन म्हणाला होता. नवरा-बायको भाजलेल्या मिरच्यांची सालं काढत बसले. बोटं लाल झाली होती आणि दोघंही घड्याळाकडे न बघण्याची शिकस्त करत होते. साडेतीन वाजून गेल्यावर जिन्यात पावलं वाजली. घंटी न वाजवता ग्वोझ्देन आत आला. हातात राकियाची बाटली होती, घरी गाळलेल्या आलुबुखाराच्या दारूची.

“सत्तावीस,” तो म्हणाला.

“काय सत्तावीस?”

“सत्तावीस आहे यादीत. सोमवारी सहाला हजर व्हायचं.”

“थट्टा करू नकोस, कुमा.”

“कुमाशपथ. तीनदा वाचलं. पावाच्या दुकानातल्या पोराकडूनही वाचून घेतलं.”

स्तामेन्का मटकन खाली बसली, ती नेमकी मिरच्यांच्या सालांच्या भांड्यावरच. कोणी हसलं नाही. तिने दोन्ही हातांनी तोंड झाकलं आणि ती रडायला लागली, आवाज न करता. नंतर ती तशीच उठली, मागे लाल डाग घेऊन फोनपाशी गेली आणि एजन्सीचा नंबर फिरवला. “नाही,” ती म्हणाली. “नाही. येत नाही मी. माझ्या नवऱ्याला नोकरी लागली. हो, इथेच. इथेच आहे मी.” फोन ठेवल्यावर तिने फ्रिजवरचे कागद काढायला घेतले आणि चिकटपट्टीबरोबर थोडा रंगही निघाला. काढताना ती हसत होती, आणि तिला असं हसताना तिहोमीरने फार दिवसांत पाहिलं नव्हतं.

मग त्याच्या लक्षात आलं.

“आणि सव्वीस?”

ग्वोझ्देन पेले शोधत होता. कुठल्या फळीवर असतात ते त्याला वीस वर्षं माहीत होतं.

“कुमा, सव्वीस?”

“सव्वीस नाही.” त्याने राकिया ओतली. “ती दुभाषी मुलगी होती फाटकावर. मी विचारलं तिला. म्हटलं, बाळ, माझं दार बघितलंस का? म्हणाली, बघितलं, चाळिसांत तसं दार कोणाचंच नव्हतं. मग? तर म्हणाली, तिसऱ्या गाड्यांचे खांब आम्हीच वाकडे करून ठेवले होते. दार बसवायचं नव्हतंच. खांब वाकडा आहे, एवढं सांगायचं होतं. ज्यांनी दोरी ओढली तेच घेतले. बाकीच्या जागा आता बाहेरून भरणार.”

“किती जणांनी ओढली?”

“पाच.” ग्वोझ्देनने पेला एका घोटात संपवला. “सव्वीस वर्षं, कुमा. पत्र्याला आकार देणारे प्रेसवाले वाकडं पाठवायचे, मी सरळ करायचो. आपण वाकडं पाठवतोय हे त्यांना कधी कळलंच नाही, कारण मी होतो ना इथे! आणि आमच्या गाड्यांत पाणी का गळतं म्हणून मी सगळ्या देशाला शिव्या घातल्या.”

तो हसायला गेला आणि ते त्याला जमलं नाही. तिहोमीरला पुढ्यातला पेला उचलवेना.

“मी काही शहाणपणाने ओढली नाही ती दोरी,” तो म्हणाला. “माझा खांदा गेलाय. तीन वर्षं झाली. रेटा देता आला नाही म्हणून ओढली. देता आला असता तर मीही ठक् केलं असतं.”

ग्वोझ्देन त्याच्याकडे बघत राहिला. “महिनाभर माझ्या गॅरेजात त्या खांद्यावर?”

“हो.”

“गाढव आहेस.”

“आहे. सोमवारी मी जातो आणि त्यांना खरं काय ते सांगतो. ही जागा तुझी आहे, कुमा. तुझ्या हाताखाली शिकलेल्या माणसाने तुझ्या जागेवर चढून बसायचं, आणि तेही खांदा मोडला म्हणून? मला नाही व्हायचं ते. गावात तोंड कुठे दाखवू?”

फ्रिजपाशी स्तामेन्काचे हात थांबले. हातात चुरगळलेले कागद होते. तिच्या चेहऱ्यावरचं हसू जसं आलं होतं तसंच गेलं. ग्वोझ्देनने तिच्याकडे एकदा बघितलं. बाटलीचं बूच उचललं, बोटांत फिरवलं, पुन्हा ठेवलं.

“आता तू सांगितलंस, म्हणून मीही सांगतो,” तो म्हणाला. “माझा डावा गुडघा संपलाय.”

“काय?”

“संपलाय म्हणजे संपलाय. त्यातली वाटी झिजली. हाडाला हाड घासतं. मोठ्या इस्पितळात दाखवलं वसंतात. डॉक्टर म्हणाला, आठ तास उभं राहायचं नाव काढू नकोस. परवाच्या त्या एका हिसक्यानंतर रात्रभर बर्फ लावून बसलो होतो.”

“मग परीक्षेला कशाला आलास?”

“न जाऊन कसं चालेल? दारांचा उस्ताद परीक्षेलाच आला नाही म्हणून गाव हसलं असतं. आणि गेलो, तर आता पास होतोय की काय म्हणून जीव टांगणीला. पंधरा दिवसांत पाय धरून परत यावं लागलं असतं. खरं सांगतो, यादीत सव्वीस दिसला नाही तेव्हा सुटलो म्हटलं. मला नुकसानभरपाई मिळेल, ती घेऊन गावाकडे आलुबुखाराच्या बागेत जातो. झाडाखाली बसायला गुडघा लागत नाही.” त्याने तिहोमीरच्या पेल्यावर आपला पेला आपटला. “तेव्हा तू उगाच हुतात्मा होऊ नकोस. तू सोडलीस तरी ती जागा मला मिळत नाही. कुठल्या तरी अनोळखी पोराला मिळेल. घे आता, का ओतून देऊ?”

तिहोमीरच्या छातीवरून धोंडा उतरला. तो इतका हलका झाला की त्याला उठून कुमाला मिठी मारावीशी वाटली, आणि त्याने ती मारलीही, डाव्या हाताने. ग्वोझ्देनने त्याला घट्ट धरलं आणि पाठीवर तीन धपाटे घातले. स्तामेन्काने उरलेले कागद काढून कचऱ्यात टाकले, गरम गरम आय्वार पावाला लावून दोघांपुढे ठेवलं आणि ग्वोझ्देनच्या पावावर दुप्पट लावलं. तिघांनी खाल्लं. मीठ कमी आहे असं ग्वोझ्देन म्हणाला आणि तिने त्याला उलथनं दाखवलं. तास कसा गेला ते कळलं नाही.

“जिना जपून उतर,” निरोप देताना तिहोमीर म्हणाला. “लिफ्ट बंद आहे.”

“सावकाश उतरतो. कठडा धरून.”

तो गेल्यावर तिहोमीर खिडकीशी आला. स्तामेन्का त्याच्या शेजारी येऊन उभी राहिली. खाली ग्वोझ्देन आपल्या जुन्या यासेनमध्ये बसला होता आणि किल्ली फिरवत होता. गाडी नुसती खोकत होती. त्याने आणखी दोनदा प्रयत्न केला, शिवी दिली, ती वरपर्यंत ऐकू आली, आणि तो बाहेर उतरला. दार उघडं ठेवून एक हात स्टिअरिंगवर, खांदा खांबाला, त्याने गाडी ढकलायला सुरुवात केली. बेकरीकडे रस्ता उताराचा आहे. गाडी हलली, तसा तो तिच्याबरोबर पळू लागला, आधी हळू, मग भराभर, दहा पावलं, पंधरा पावलं, गुडघे वर उचलत, विशीतल्या पोरासारखा. मग डाव्या पायावर सगळा भार टाकून त्याने उडी घेतली आणि आत बसला. इंजिन गुरगुरून सुरू झालं.

तिहोमीरचा हात खिडकीच्या कडीवर गेला. स्तामेन्काने तो धरला.

“मागे हो,” ती हळूच म्हणाली. “वर बघेल तो.”

तिहोमीर खिडकीपासून दोन पावलं मागे सरला.